एकेकाचं वाचन ऐकताना

पहिलीचा वर्ग शाळेत कोणालाच नको असतो. वर्गवाटपाची बैठक बसली की सातवीसाठी दोघं-तिघं पुढं सरकतात आणि पहिली नव्यानं आलेल्याच्या पदरात पडते. लेकरं रडतात, शेंबूड पुसावा लागतो आणि वर्षभर राबूनही साहेबांना दाखवायला हाती काही लागत नाही, असा सगळ्यांचा हिशेब. माझ्याही पदरात ती अशीच पडली. पुढं बदल्या होत गेल्या, गावं बदलली, पण पहिली-दुसरी मी सोडली नाही. नंतर नंतर तर मागून घेतली. बीदर जिल्ह्यातल्या सरकारी मराठी शाळांत, बहुतेक औराद आणि भालकी तालुक्यांत, माझी सगळी नोकरी गेली. लेकरांना वाचायला शिकवणं हे एकच काम मी केलं असं म्हटलं तरी चालेल. त्यातून जे कळलं ते थोडक्यात सांगायचं तर असं: वर्ग कधी वाचत नाही, एकेक लेकरू वाचतं. ते कुठं अडलंय हे त्याचं एकट्याचं ऐकल्याशिवाय कळत नाही.

आमच्या भागाची घडण सांगितल्याशिवाय पुढचं उमजायचं नाही. १ नोव्हेंबर १९५६ ला हैदराबाद राज्य तीन वाटांनी गेलं. जुन्या बीदर जिल्ह्यातले उदगीर, निलंगा, अहमदपूर मराठवाड्याबरोबर तेव्हाच्या मुंबई राज्यात गेले, जहीराबाद-नारायणखेडकडचा भाग आंध्रात गेला, आणि बीदर, भालकी, हुमनाबाद, औराद म्हैसूर राज्यात आले. नकाशा बदलला, सोयरीक बदलली नाही. माझं माहेर भालकी तालुक्यातलं, सासर औरादकडचं आणि धाकटी बहीण दिली उदगीरला. आमच्या सासऱ्यांना निजामाच्या काळातले जमिनीचे उर्दू कागद वाचता येत, पोथी मराठीतून वाचत, आणि तहसीलमधून आलेली कन्नड नोटीस मात्र कोणाकडून तरी वाचून घ्यावी लागे. भाषिक अल्पसंख्याकांच्या मुलांना प्राथमिक शिक्षण मातृभाषेतून मिळण्याची सोय करावी, असं कलम ३५०-अ त्याच १९५६ साली घटनेत आलं. आमच्या मराठी शाळांना आधार आहे तो त्याचा. पण शाळा मराठी म्हणून लेकरंही सगळी मराठी असतात असं नाही. माझ्या एकाच वर्गात गावातल्या मराठी घरांची, तांड्यावरची गोरमाटी बोलणारी, दखनी बोलणाऱ्या मुसलमान घरांतली आणि एखाद-दुसरं कन्नड बोलणारं, अशी लेकरं शेजारी शेजारी बसत.

मी नोकरीला लागले तेव्हा वाचन शिकवायची रीत ठरलेली होती. आधी अ ते ज्ञ, मग बाराखडी, मग जोडाक्षरं आणि मग पाठ. बाईंनी म्हणायचं, ‘क ला काना का’, वर्गानं म्हणायचं, ‘क ला काना का’. ‘क ला पहिली वेलांटी कि, दुसरी वेलांटी की.’ बाहेरून जाणाऱ्याला वाटावं, काय शाळा भरलीय! तपासणीला आलेले साहेबही खूश होऊन जात. त्या सुरात पुढं असायचा एक भजनी घरचा पोरगा. आवाज खणखणीत, पाठ तोंडपाठ. एकदा मी त्याला टेबलाजवळ घेतलं आणि पाठ मधूनच वाचायला सांगितला. त्यानं पहिल्या ओळीपासून सुरू केलं. बोट तिसऱ्या ओळीवर, तोंड पहिल्या ओळीवर. पान उलटलं तरी तोंडातला पाठ तोच.

अशा लेकराला ‘पोपटपंची करतोय’ म्हणून बाजूला सारायची पद्धत आहे. मला त्यात दुसरं काही दिसलं. या पोराला हरिपाठ येत होता, आरत्या येत होत्या. शब्द त्याच्या डोक्यात तयार होते, फक्त कागदावरच्या खुणांशी त्यांची गाठ पडली नव्हती. मी त्याच्या भजनातली एक ओळ मोठ्या अक्षरांत पट्टीवर लिहिली. प्रत्येक शब्दाला बोट ठेवत त्यानं ती म्हणायची, मग मी कात्रीनं पट्टीचे शब्द सुटे करायची आणि त्यानं ते पुन्हा ओळीनं लावायचे. एक शब्द मी लपवून ठेवला की तो म्हणायचा, “बाई, देव कुठं गेला?” शब्द हरवलाय हे त्याला दिसायला लागलं, आणि तिथून त्याचं वाचन चालू झालं. पाठांतराला नावं ठेवणारी भाषणं मी पुष्कळ ऐकली. पण ज्याच्या घरी पुस्तक नाही त्याच्या डोक्यात साठलेला मजकूर हेच त्याचं पहिलं पुस्तक असतं. ते वाया का घालवायचं?

अ ते ज्ञ हा क्रम व्याकरणाच्या सोयीचा आहे, वाचणाऱ्याच्या सोयीचा नाही. सगळी अक्षरं संपून पहिला कामाचा शब्द वाचायला मिळेपर्यंत लेकराचं अर्धं वर्ष जातं. तोवर त्याची समजूत पक्की होते की वाचन म्हणजे ओरडायचं असतं, त्यातून कळायचं काही नसतं. फलटणच्या प्रगत शिक्षण संस्थेत मॅक्सीन बर्नसन यांनी थोडी अक्षरं आणि एखाद-दुसरी स्वरखूण घेऊन पहिल्यापासून शब्द-वाक्यं वाचायला देण्याची पद्धत बसवली, हे मला एका प्रशिक्षणात कळलं. अमेरिकेतून येऊन फलटणला राहिलेल्या या बाईंनी १९७८ मध्ये ती संस्था काढली. त्यांचं साहित्य आमच्यापर्यंत पोचलं नव्हतं, पण कल्पना पोचली. मी माझ्यापुरती अक्षरं निवडली: क, म, न, र, ल, प, त आणि सोबत काना. एवढ्यात काका, मामा, नाक, कान, मका, ताक, रान, पाला, पाल, लाल असे शब्द होतात. आमच्या लेकरांच्या रोजच्या तोंडातले.

आठवड्याभरात फळ्यावर गोष्ट लिहिता आली. ‘काका! पाल! पाल! काका, मारा. नका मामा, नका!’ एवढीच. वर्गाच्या भिंतीवर खरीच पाल असायची, त्यामुळं फळा आणि भिंत दोन्हीकडं बघत लेकरं वाचायची. एक मुलगी शेवटच्या ‘नका’पर्यंत आली, थांबली आणि म्हणाली, “मामा मारू नगा म्हणायलेत.” हे वाक्य फळ्यावर नव्हतं. तिनं वाचलं, समजून घेतलं आणि आपल्या बोलीत सांगितलं. वर्षाच्या सुरुवातीलाच, सात अक्षरांवर, तिचं वाचन पुरं झालं होतं. पुढं फक्त अक्षरं वाढवायची होती. जोडाक्षरं, रफार, ‘ज्ञ’ यांची घाई मी नंतर कधी केली नाही. कन्नड मुलांच्या वाचनावर सोनाली नाग यांचं संशोधन आहे. त्यातही हेच दिसतं की अशा लिपीत अक्षरं आणि त्यांच्या खुणा पुरत्या हाताखाली यायला चौथीपर्यंतचा काळ लागतो. इंग्रजीची सव्वीस अक्षरं पाठ झाली की संपलं, तसं आपलं नाही. स्वरखुणा आणि जोडाक्षरं धरली तर लेकरापुढं शेकडो आकार असतात. पहिलीत सगळं ‘उरकून’ टाकणारा शिक्षक स्वतःचं समाधान करून घेतो, एवढंच.

एकेकाचं ऐकायला बसले तेव्हा पहिली गोष्ट कळली ती ही, की चुका दोन जातींच्या असतात. पुस्तकात ‘विहीर’ होतं, एका मुलीनं ‘हीर’ वाचलं. ‘विळा’ला ‘इळा’, ‘पाणी’ला ‘पानी’, ‘त्याने पाणी आणले’ला ‘त्यानं पानी आनलं’. शेजारच्या बाकावरची एक मुलगी सावकाश, अक्षर न चुकता वाचायची, ‘वि-ही-र’. मी विचारलं, “विहीर म्हंजे काय गं?” ती गप्प. मग म्हणाली, “व ला पहिली वेलांटी वि...” परीक्षेच्या कागदावर पहिल्या मुलीचे गुण जायचे आणि दुसरीला पैकीच्या पैकी पडायचे. खरं तर पहिली मुलगी छापील शब्दातून सरळ आपल्या शेतातल्या हिरीवर पोचली होती, आणि दुसरी अजून वेलांटीवरच होती. प्रमाण उच्चार पुढं येतात, शाळा ते आणतेच. पहिल्या वर्षी ‘हीर’ म्हणणाऱ्याला मधेच तोडलं, तर तो अर्थ सोडतो आणि अक्षर धरतो. हा सौदा वाईट आहे.

दुसरी गोष्ट ‘च’ आणि ‘ज’ची. मराठीत चहातला च वेगळा आणि चाकातला च वेगळा, लिहायची खूण मात्र एकच. ‘चार गाईंना चारा टाक’ हे वाक्य घ्या. पहिल्या च ला जीभ टाळूकडं जाते, दुसऱ्याला दातांकडं. कोणत्या जागी कोणता च म्हणायचा हे अक्षर सांगत नाही. ते सांगायला शब्द आधी माहीत असावा लागतो. मराठी घरचं लेकरू हे वाक्य न अडता वाचतं, कारण चारा त्यानं रोज टाकलेला असतो. दखनी किंवा कन्नड घरचं लेकरू दोन्ही ठिकाणी चहातलाच च लावतं, ‘चाक’ला ‘च्याक’ म्हणतं. ते अक्षर ओळखायला चुकलेलं नसतं, त्याच्याकडं तो शब्दच नसतो. म्हणून वाचनाच्या तासाआधी बोलण्याचा तास हवा. धडा गाडीचा असेल तर आधी गाडीजवळ जायचं. चाक, आस, जू बोटानं दाखवत बोलायचं. मग पुस्तक उघडायचं. तपासणीच्या वहीत अशा तासाला रकाना नसतो. मी तो भाषेच्याच तासात बसवायची.

तांड्यावरच्या एका मुलीनं पहिल्या सत्रात वर्गात तोंडच उघडलं नाही. अंगणात मैत्रिणींशी गोरमाटीत तिचं अखंड चालायचं, वर्गाची चौकट ओलांडली की कुलूप. “ही मंद आहे,” असा निकालही एकानं देऊन टाकला होता. दुसरीतली तिची बहीण मला म्हणाली, “बाई, तिला समदं समजतंय, बोलायची लाज वाटतीया.” मी तिच्या पाटीवर ‘याडी’ लिहिलं. तिच्या घरी आईला तेच म्हणतात. अक्षरं तिला तुटक तुटक येत होती. तिनं ‘या’ म्हटलं, ‘डी’ म्हटलं आणि चमकून माझ्याकडं बघितलं. मग ‘बाटी’ लिहिलं, ते तिनं आपल्याआपण वाचलं आणि हसली. शाळेतली अक्षरं आपल्या घरचं बोलणंही धरतात, हे तिला तोवर कोणी दाखवलंच नव्हतं. त्यानंतर ती मराठी बोलायला लागली, हे ऐकायला उफराटं वाटेल, पण झालं तसंच. घरच्या भाषेला वर्गात जागा दिली की मराठी मागं पडते, ही भीती मला कुठंच खरी झालेली दिसली नाही.

कन्नडचं ओझं होतं का, असं महाराष्ट्रातले पाहुणे हटकून विचारतात. आमच्या लेकरांना कन्नड यायलाच हवं. २०१५ च्या कायद्यानं ते शाळेत सक्तीचं आहे, आणि कायदा नसता तरी बँक, तहसील, दवाखाना, नोकरी सगळं कन्नडमधूनच चालतं. खरा प्रश्न दोन लिप्या एकदम गळ्यात मारायच्या की एकीवरून दुसरीवर जाऊ द्यायचं, हा आहे. ज्या लेकराला मराठी वाचायला पक्कं आलं, त्याला कन्नड लिपी महिन्या-दोन महिन्यांत चढलेली मी पाहिली. दोन्हींची मांडणी एकच, बाराखडीची चौकट तीच. ज्याला मराठीच धड येत नाही त्याला दोन्ही अर्धवट येतात, आणि मग वरून इंग्रजीही येऊन बसते.

एका गावी आमची शाळा फाट्याजवळ होती. तिथं कर्नाटकाची गाडी थांबायची आणि उदगीरहून बीदरला जाणारी महाराष्ट्राची एसटीसुद्धा. मधल्या सुट्टीत पोरं पाट्या वाचायची. एक दिवस तिसरीतला एक मुलगा धावत आला. “बाई, एसटीवर बीदर लिवलंय तवा र मोकळा हाय. कन्नड पाटीवर र ला वरून काहीतरी लावलंय. का?” त्यानं नेमकं पाहिलं होतं. मराठीत शेवटचा अ आपण लिहितो आणि बोलताना गिळतो. लिहितो पुरा र, म्हणतो अर्धा. कन्नडमध्ये अ लिहिला की म्हणायचा, आणि म्हणायचा नसेल तर खूण करावी लागते. आमच्या वर्गातलं कन्नड घरचं एक लेकरू ‘कमळ’ वाचताना शेवटचा ळ लांबवत का बसायचं, त्याचा उलगडा या पोरानं केला. त्या दोघांना मी एका बाकावर बसवलं. पाट्या, दुकानांवरची नावं, बिस्किटाचा पुडा, खताची पिशवी हे सगळं मग आमचं पाठ्यपुस्तक झालं. राज्याची दुपारच्या जेवणाची ‘अक्षर दासोह’ योजना २००२ मध्ये आमच्यासारख्या ईशान्येच्या जिल्ह्यांतून सुरू झाली. आज काय शिजतंय ते रोज एका लेकरानं दोन्ही लिप्यांत फळ्यावर लिहायचं, असा नेम मी घातला. भात, सांबार, उप्पीट. तो फळा वाचायला कधी कोणाला सांगावं लागलं नाही.

वाचनाची आमच्याकडची जुनी रीत मात्र मी शाळेबाहेर पाहिली. श्रावणात गावोगाव पोथी लागते. पांडवप्रताप, हरिविजय, कुठं गुरुचरित्र. गाणगापूर आमच्या शेजारच्या कलबुर्गी जिल्ह्यात, त्यामुळं गुरुचरित्राचं पारायण घराघरांत. पोथी लागते तेव्हा एक जण ओवी वाचतो आणि दुसरा अर्थ सांगतो. अर्थ सांगणारा गावच्या बोलीत सांगतो, मधे आपला दाखला घालतो, बाया विचारतात, तो उत्तर देतो, मग पुढची ओवी. वाचणारा आणि सांगणारा यांच्यात कोणी मोठा-लहान नाही. मी हे उचलून वर्गात आणलं. दोन लेकरांची जोडी. एकानं दोन ओळी वाचायच्या, दुसऱ्यानं पुस्तक न बघता काय झालं ते आपल्या शब्दांत सांगायचं, मग अदलाबदल. सांगणाऱ्याला सांगता आलं नाही तर वाचणाऱ्यानं पुन्हा वाचायचं. दोघांतलं एक तरी लेकरू सदैव अर्थाच्या पाठीमागं लागलेलं असे. पालकांना ही पद्धत समजावून सांगायची गरज पडली नाही. ‘पोथीवानी’ म्हटलं की सगळे मान डोलवत.

वाचायला चांगलं काही हवं, हा प्रश्न उरतोच. धड्यातली वाक्यं ताठ असतात, ‘केले’, ‘आणले’, ‘होते’ अशी. माधुरी पुरंदरे यांचं ‘राधाचं घर’ हाती आलं तेव्हा मला मोठा आधार वाटला. आपण बोलतो तसं मराठी छापलेलं. प्रथम बुक्सची एकच गोष्ट मराठी आणि कन्नड दोन्हींत मिळते, ती जोडीनं वाचताना पोरं रमून जात. पण पुस्तकं कपाटात कुलूपबंद ठेवली तर त्यांचा उपयोग काय? फाटतील म्हणून मुख्याध्यापक घाबरतात. फाटलेलं पुस्तक म्हणजे कोणी तरी उघडलेलं पुस्तक. एवढं बोलून मी किल्ली मागून घ्यायची.

साठ-सत्तर लेकरांत, आणि एकाच खोलीत तीन इयत्ता असताना, एकेकाचं ऐकायला वेळ कुठून आणायचा? नवे शिक्षक हेच विचारतात, आणि प्रश्न रास्त आहे. मला वाट दाखवली ती शेजारच्या कन्नड शाळेतल्या ‘नली-कली’नं. ही पद्धत १९९५ मध्ये म्हैसूर जिल्ह्यातल्या हेग्गडदेवनकोटे तालुक्यात, आंध्रातल्या ऋषी व्हॅलीच्या शाळांवरून सुचून सुरू झाली आणि २००९-१० पासून राज्यभर पसरली. पहिली ते तिसरीची लेकरं एकत्र, कार्डं, शिडीसारखे टप्पे आणि गट. काही गट आपापलं काम करतात, एक गट शिक्षकाजवळ बसतो. कार्डांचा पसारा मला पटला नाही, गटाची युक्ती पटली. बाकीच्यांना जोडीनं वाचायला, चित्र काढायला, पाटीवर शब्द जुळवायला बसवलं की चार लेकरं जवळ घेता येतात. रोज चार, म्हणजे पंधरा-वीस दिवसांत वर्ग फिरून होतो. वहीत प्रत्येकाच्या नावापुढं एकच ओळ: कुठं अडलं, का अडलं. न्यूझीलंडच्या मेरी क्ले यांनी लेकरू वाचत असताना शिक्षकानं शेजारी बसून नोंदी करण्याची रीत जगभर नेली, हे मला फार उशिरा वाचायला मिळालं. हे काम कुठं तरी कोणी शास्त्र म्हणून करतंय, याचं बरं वाटलं.

पद्धत कोणतीही असो, वर्गात लेकरांचा वेळ कशावर जातो हा मुद्दा. यादगीर, म्हणजे पूर्वीचा कलबुर्गी जिल्ह्याचाच भाग, आणि पालघरचा वाडा तालुका, अशा दोन ठिकाणी पहिली ते तिसरीच्या लेकरांच्या वाचनाचा मोठा अभ्यास झाला. त्याचा अहवाल २०१७ मध्ये आला. एका ठिकाणी कन्नड, दुसरीकडं मराठी. एकीकडं नली-कली, दुसरीकडं महाराष्ट्राचं पुस्तक. निष्कर्ष मात्र सारखे: तिसरी संपली तरी बऱ्याच लेकरांना सोपा मजकूर वाचता येत नाही, आणि वर्गातला वेळ अक्षरं घोटण्यात, फळ्यावरचं उतरवण्यात जातो, अर्थाला, बोलण्याला वाटा फारच थोडा. आम्ही पहिलीच्या बाया हे आपसांत बोलतच होतो.

२०२० साली शाळा बंद पडल्या. ऑगस्टमध्ये ‘विद्यागम’ आला. शिक्षकांनी गावात जायचं, देवळात, झाडाखाली लेकरं गोळा करायची. ऑक्टोबरमध्ये साथीच्या भीतीनं तेही थांबलं. ते दोन महिने मी मारुतीच्या पारावर बसायची. फळा नाही, घंटा नाही, एका सुरात म्हणायला वर्ग नाही. पाच-सहा लेकरं आणि पुस्तक. आयुष्यभर शाळेत जे खेचून आणावं लागलं ते तिथं आपोआप झालं, प्रत्येकाचं रोज ऐकता आलं. साथ संपल्यावर तिसरीत आलेल्या मुलांनी मात्र पहिलीचा वर्गच पाहिला नव्हता. इयत्ता विसरून ज्याला जिथून येतं तिथून सुरू करा, हे सरकारनंही तेव्हा सांगितलं. एरवी हेच आम्ही केलं असतं तर ‘पोर्शन मागं पडला’ म्हणून बोलणी बसली असती.

सगळी लेकरं वाचायला शिकली असं मी सांगणार नाही. दिवाळी झाली की तांडे रिकामे होतात. कोणी ऊसतोडीला, कोणी हैदराबाद-पुण्याला बांधकामावर. लेकरं उन्हाळ्यात परत येतात तोवर अक्षरं पुसून गेलेली असतात. जाताना पिशवीत एक पातळ पुस्तक द्यायची, मोठ्या भावंडाला बजावून सांगायची. काहींना उपयोग झाला, काहींचं पुस्तक पालावरच राहिलं. काही लेकरांची नजर कमी होती, ती कळायलाच दुसरी उजाडली. एक-दोघांना अक्षरं खरंच उलटसुलट दिसायची आणि त्यांच्यासाठी जे लागतं ते आमच्याकडं नव्हतं. अशी काही चौथीतून अडखळतच पुढं गेली. पुढच्या वर्गांत त्यांना परत कोणी वाचायला शिकवत नाही, कारण ‘ते पहिलीचं काम’.

अलीकडं मराठी शाळांचे पट खाली आलेत, पिवळ्या गाड्या गावात येऊन लेकरं इंग्रजी शाळेत नेतात. आई-बाप मला विचारतात, “बाई, घरी आमाला काय करता यील? आमाला तर येत नाही वाचाया.” मी सांगते, भाकरी थापताना लेकराला जवळ बसवा आणि त्याच्याकडून वाचून घ्या. एका आईनं ते मनावर घेतलं. लेक वाचत होती आणि ‘शेतात’च्या जागी ‘शेपटात’ म्हणून गेली. आई परातीतून मान वर न करता म्हणाली, “शेपटात कशी ग ज्वारी येतीया?” मुलगी मागं गेली, शब्द पुन्हा बघितला आणि दुरुस्त करून पुढं वाचलं. आईला त्या पानावरचं एक अक्षर येत नव्हतं. गोष्ट जुळत नाही हे मात्र तिला आमच्यातल्या कित्येक शिक्षकांच्या आधी कळलं.

नवीन पोरं-पोरी नोकरीला लागतात, कधी भेटायला येतात, कोणती पद्धत चांगली ते विचारतात. पद्धत मी सुचवत नाही. त्या येतात आणि जातात. रोज चार लेकरं जवळ घ्या, एकेकाकडून चार ओळी वाचून घ्या, वाचलेलं त्याच्या बोलीत सांगू द्या, आणि ते अडलं की लगेच अक्षर सांगून टाकू नका, थोडं थांबा, एवढं सांगते. यातलं थांबणं सगळ्यांना सोपं वाटतं. वर्गात बसल्यावर तेच सगळ्यांत अवघड जातं.